नाव जुळत नाही

“नाही म्हणजे नाही. मी तिथे बोलणार नाही, प्रेमा.”

“मग मंडळाच्या पद्मजाताईंना हो कुणी म्हटलं? मी? फोनवर ‘क्यों नहीं, क्यों नहीं’ कोण करत होतं?”

“तेव्हा त्या म्हणाल्या, रविवारी फ्लॉरेन्सच्या चित्रांवर दोन शब्द बोला. आता म्हणतायत पाऊण तास! वर प्रोजेक्टर! पाऊण तास मी काय बोलू? मला चित्रातलं काय कळतं?”

“आणि मला कळतं म्हणून मी बोलू? मी आत गेले होते का?”

हे वाक्य आलं की शरच्चंद्र पागनीसांची गाडी आउटरला उभी राहायची. स्टेशन समोर दिसतंय, पण सिग्नल नाही. फ्लॉरेन्सहून परतून दोन महिने झाले होते आणि या दोन महिन्यांत हे वाक्य त्यांनी किती वेळा ऐकलं होतं याला गणती नव्हती. त्यात टोमणा असता तर बरं होतं. टोमण्याला उलट टोमणा मारता येतो. प्रेमलताबाई ते ‘दूध उतू गेलं’ म्हणावं तसं म्हणायच्या.

“माझं ऐका,” त्या कढईतले पोहे हलवत म्हणाल्या, “चित्राबित्राचं सांगूच नका. त्या दिवशी माझ्यासाठी तुम्ही जी धावपळ केलीत ना, ती सांगा. दोन तास त्या साहेबाच्या केबिनबाहेर बसलात बिचारे. लोकांना तेच आवडेल.”

“ते काय सांगायचं?”

“का? मी तर सगळ्यांना सांगितलंय. खजरान्याच्या गणपतीला गेले तर फुलवालीलाही सांगितलं.”

खाली कचरागाडीचं गाणं वाजलं. प्रेमलताबाईंनी गॅस बंद केला, पोहे ताटलीत वाढले, ओल्याची एक आणि सुक्याची एक अशा दोन बादल्या उचलल्या आणि त्या जिना उतरल्या. भांडण अर्धवट राहिलं. पागनीस ताटलीसमोर बसून राहिले. पोह्यांवर शेव टाकायचं भान त्यांना राहिलं नाही, आणि इंदूरच्या लोकमान्य नगरात राहणाऱ्या माणसाच्या बाबतीत एवढं सांगितलं की पुरे.

हा माणूस मुळात तिकिटांचा. पस्तीस वर्षं इंदूर स्टेशनच्या आरक्षणाच्या खिडकीत बसला. पूर्वज होळकरांच्या पागेतले म्हणून आडनाव पागनीस. पण शरच्चंद्ररावांनी उभ्या जन्मात घोड्याला हात लावला नाही. त्यांनी हात लावले ते फॉर्मांना. काचेतल्या भोकाशी तोंड नेऊन माणूस घाईघाईने बोलायचा, आणि आतून संथ, कोरडा आवाज यायचा, “पूरा नाम. आयडी पे जो है, वही.”

एकदा मानपुरचा एक ढाबेवाला आला. फॉर्मवर नाव, पप्पू. पागनीसांनी ओळखपत्र मागितलं. त्यावर रघुवीर.

“अरे भिया, पूरा मानपुर पप्पू बोलता है मेरे को!”

“मानपुर तिकीट चेक नहीं करता. टीटीई करता है.”

मागे पन्नास माणसं ताटकळत उभी, तरी फॉर्म नव्याने भरायला लावला. तीन महिन्यांनी तोच माणूस मावा-बाटीच्या मिठाईचा डबा घेऊन खिडकीवर हजर. गाडीत तपासणी झाली होती. शेजारच्या बर्थवरच्या माणसाला नाव जुळलं नाही म्हणून दंड बसला होता, आणि हा मात्र सुखरूप. हा किस्सा पागनीस लग्नामुंजीत सांगायचे. शेवटचं वाक्य ठरलेलं: “नाव म्हणजे माणूस. बाकी सगळं बर्थ नंबर.”

तर असा माणूस. आणि त्याने स्वतःच्या बायकोचं नाव चुकवलं.

चुकवलं तरी कसं म्हणायचं? लग्नाला एकोणचाळीस वर्षं झाली होती. लग्नाआधी त्या अंबिका होत्या. पण पागनीसांच्या घरात अंबिका आधीच होती, त्यांची थोरली आत्या. घरातल्या मोठ्या माणसाच्या नावाने सुनेला हाक कशी मारणार? ‘अंबिके, भांडी घास’ म्हटलं आणि आत्याबाईंनी ऐकलं तर? तेव्हा लग्नात ताटात तांदूळ पसरले, आणि सत्तावीस वर्षांच्या शरच्चंद्राने अंगठीच्या टोकाने त्यात लिहिलं, प्रेमलता. हे नाव त्यानेच शोधलं होतं आणि त्याला ते फार आवडलं होतं. पेढे वाटले. तांदूळ खिरीला गेले. प्रेमलता राहिली. रेल्वेच्या प्रत्येक पासावर, रेशनकार्डावर, शेजाऱ्यांच्या तोंडी प्रेमलता. आत्याबाई पुढे पाच वर्षांतच गेल्या. मोकळं झालेलं नाव कुणी परत मागितलं नाही, कुणी दिलंही नाही.

अंबिका नावाची ती मुलगी चित्रकलेच्या शाळेत दोन वर्षं शिकली होती. तिसरं वर्ष लग्नात गेलं. तिथून तिने एकच गोष्ट सासरी आणली होती, एक पोस्टकार्ड. शिंपल्यावर उभी असलेली एक बाई, केस वाऱ्यावर उडतायत, आजूबाजूला फुलं पडतायत. ते तिने कपाटाच्या दाराला आतून चिकटवलं. पागनीस रोज सकाळी शर्ट काढायला दार उघडायचे आणि रोज ती बाई दिसायची. एकदा त्यांनी विचारलं होतं, “ही कोण गं?”

“आहे एक. फ्लॉरेन्सला असते,” प्रेमलताबाई म्हणाल्या होत्या, जशी मावसबहीण उज्जैनला असते.

मुलगी शर्वरी नोकरीसाठी म्युनिकला गेली. तिने आईवडलांना बोलावलं. पासपोर्ट, व्हिसा, विमान, सगळं तिनेच इथे येऊन केलं. आईचा पासपोर्ट मॅट्रिकच्या सर्टिफिकेटावर काढला. पागनीसांनी बोट ठेवलं तिथे सह्या केल्या. पण म्युनिकला पोचल्यावर त्यांनी जाहीर केलं, “फ्लॉरेन्सला मी घेऊन जाणार तिला. ना टूरवाला, ना तू. तिकीट कसं काढायचं ते मला शिकवू नकोस.”

दीड महिना आधी ते संगणकासमोर बसले. संग्रहालयाचं तिकीट म्हणजे तारीख ठरलेली, वेळ ठरलेली, सकाळी सव्वानऊ. पुढे नावांचे रकाने. त्यांनी पहिलं नाव टाइप केलं, शरच्चंद्र पागनीस. दुसरं टाइप केलं, प्रेमलता पागनीस. पासपोर्ट शेजारच्या खोलीत होते. उठून बघावं असं मनातसुद्धा आलं नाही. स्वतःच्या बायकोचं नाव कुणी आयडी काढून बघतं का?

दारावरच्या माणसाने बघितलं. त्याने तिकीट बघितलं, पासपोर्ट बघितला, परत तिकीट बघितलं. मागे रांग रस्त्यापर्यंत गेलेली. तो इंग्रजीत म्हणाला, सर, तुम्ही या. मॅडम नाही. नाव जुळत नाही.

तो आवाज! संथ, कोरडा. पागनीसांना वाटलं, आपणच काचेच्या पलीकडे बसलो आहोत.

त्यांनी समजावलं. लग्न, तांदूळ, अंगठी. “शी इज सेम, सर! सेम वाइफ!” मागचे लोक पुढे सरकू लागले. नवीन तिकीट? आजची संपली, उद्याचीही संपली. दुपारी चारची परतीची गाडी.

“तुम्ही या जाऊन,” प्रेमलताबाई म्हणाल्या.

“छे! मी आत जाऊन साहेबाला भेटतो. आतून काहीतरी जुगाड करतो. तू इथून हलू नकोस. या खांबापाशीच थांब, मी बोलवायला आलो आणि तू सापडली नाहीस तर पंचाईत.” बाटल्या आत नेऊ देत नव्हते. दोन्ही बाटल्या आणि दशम्यांची पिशवी त्यांनी तिच्या हातात दिली. फोन एकच चालत होता, तो त्यांच्या खिशात राहिला.

साडेअकराला ते बाहेर आले. ती खांबापाशीच होती.

“काय म्हणाले साहेब?”

“काय म्हणणार! बसवून ठेवलं नुसतं. दोन तास! शेवटी नाही म्हणाले. आतही काही नाही गं, नुसती गर्दी. मोबाइलच मोबाइल. काही राम नाही.”

“जाऊ द्या,” ती म्हणाली, “तुम्ही एवढं केलंत.” आणि तिने दशमीची गुंडाळी करून त्यांच्या हातात दिली, वर लोणच्याची फोड. त्यांनी ती खाल्ली. दोन महिने झाले तरी अजून ती घशाखाली उतरली नव्हती.

कचरागाडी पुढच्या गल्लीत गेली. प्रेमलताबाई रिकाम्या बादल्या घेऊन वर आल्या, त्यांनी हात धुतले, पदराला पुसले आणि नवऱ्यासमोर बसल्या. चेहऱ्यावर काहीतरी ठरवून आल्याची खूण.

“बरं. माझं ठरलं. तुम्हाला स्वतःच्या तोंडाने स्वतःचं कौतुक करायला लाज वाटते, कळलं मला. मी बोलते रविवारी.”

“तू?”

“हो, मी. खाली पद्मजाताई भेटल्या, त्यांना सांगून पण आले. म्हटलं, मी आतलं काही बोलणार नाही, मी बाहेरचं बोलेन. एकोणचाळीस वर्षांत नवऱ्याने काय दिलं ते मला त्या खांबापाशी कळलं, असं सुरू करणार. कसं वाटतं?”

“प्रेमा, नको.”

“का नको? पद्मजाताईंच्या तर डोळ्यांत पाणी आलं. म्हणाल्या, आमचे हे असते ना, तर बाहेरूनच परत फिरले असते आणि वर मलाच बोलले असते. शंभर माणसं येणारेत, अहो. फक्त साहेबाचं नाव काय होतं ते सांगा. नाव असलं की गोष्ट खरी वाटते.”

पागनीसांच्या कपाळावर घाम आला. नोव्हेंबरातली सकाळ, पंखा बंद, तरी घाम. खोटं बोलणं एक. एकदा बोललो, संपलं, असं त्यांना वाटत होतं. पण हे खोटं घरात रुजलं होतं, वाढलं होतं, आणि आता त्याला फुलांचा हार घालून व्यासपीठावर बसवायची तयारी चालली होती. शंभर माणसं टाळ्या वाजवणार. ही हात जोडून उभी राहणार. आणि आपण पहिल्या रांगेत.

“साहेब नव्हता,” ते म्हणाले.

“म्हणजे बाई होती?”

“एक बाई होती टेबलाशी. तिने ऐकलं आणि नाही म्हटलं. दहा मिनिटं लागली. फार तर पंधरा.”

“मग साहेबांकडे पाठवलं.”

“नाही.”

“मग तुम्ही कुठे बसला होता?”

“मी बसलो नव्हतो, प्रेमा. मी वर गेलो. मला वाटलं, वर कुणी मोठा साहेब असेल.”

“होता?”

“वर चित्रं होती.”

प्रेमलताबाईंनी ताटलीतला एक शेंगदाणा बोटाने इकडचा तिकडे केला.

“आधी मी खरंच कुणाला तरी शोधत होतो, देवाशपथ,” पागनीस घाईघाईने बोलू लागले, खिडकीपुढचा माणूस बोलतो तसे. “पण तिथे मागून लोंढा येतो. थांबताच येत नाही. एका दालनातून दुसऱ्यात, दुसऱ्यातून तिसऱ्यात. आणि तिथे ती होती. मी ओळखलं. म्हटलं, अरे, ही तर आपली! कपाटातली! पुढे माणसांच्या पाच रांगा. मी थांबलो. एक एक डोकं बाजूला झालं. मी पुढे पोचलो.”

“किती वाजले होते?”

“दहा वाजायचे होते.”

“आणि तुम्ही बाहेर आलात साडेअकराला.”

“हो.”

“दीड तास.”

“हो.”

“फोटो काढलेत?”

त्यांनी मान हलवली. दोन महिने त्यांनी फोन उशाखाली ठेवला होता. एकसष्ट फोटो. आता तो फोन त्यांनी टेबलावर ठेवला. प्रेमलताबाईंनी त्याला हात लावला नाही.

“मोठी आहे?” त्यांनी विचारलं.

“कोण?”

“ती.”

“फार मोठी! मला वाटलं होतं, असेल एवढीशी. या भिंतीएवढी आहे, प्रेमा. आणि केस! केसांत सोन्याच्या रेघा आहेत, बारीक बारीक. पोस्टकार्डात ते येतच नाही. आपण हललो की त्या चमकतात.” आणि बोलता बोलता त्यांचा आवाज चढला. त्यांना ते कळलं, तरी थांबवता येईना. “समुद्राचा रंग निळा नाही, जरा हिरवट आहे, आणि लाटा म्हणजे नुसत्या अशा, लहान मुलाने काढाव्या तशा. मला चित्रातलं कळत नाही, पण मला... मी विसरलो.”

“काय विसरलात?”

ते टेबलावरचा फोन उगाच सरळ करू लागले.

“बोला ना. काय विसरलात?”

“तू खाली आहेस ते.”

स्वयंपाकघरात कुकरची वाफ सुटल्यासारखा आवाज झाला, पण कुकर लावलेला नव्हता, शेजाऱ्यांचा होता. दोघांनीही तिकडे बघितलं.

“पाय कसे आहेत तिचे?” प्रेमलताबाईंनी विचारलं.

“अं?”

“पाय. आमचे सर म्हणायचे, चित्र ओरिजिनल बघाल तेव्हा आधी पाय बघा. ती शिंपल्यावर उभी आहे की नुसती टेकलीय, ते पायांवरून कळतं. पोस्टकार्डात कळत नाही. मी काढायला बसले होते तेव्हा मला पायच जमले नव्हते.”

पागनीसांनी आठवायचा प्रयत्न केला. केस आठवले. फुलं आठवली. पाय? त्यांनी फोन उचलला, फोटो पुढे सरकवले. पहिल्यात लोकांची डोकी, दुसऱ्यात डोकी, तिसऱ्यात कुणाचा तरी उंच धरलेला हात. प्रत्येक फोटोत ती बाई गुडघ्यांपर्यंत होती. खाली टोप्या, केस, मोबाइल.

“मी... पायांकडे नाही बघितलं.”

“दीड तास होतात ना तिथे?”

“दीड तास तिच्यापुढे नव्हतो. नंतर पुढच्या दालनांत गेलो. मग...” आता एवढं सांगितलंच आहे तर हेही सांगून टाकावं, मोकळं व्हावं, असा काहीसा मोह त्यांना झाला. “मग गच्चीवर कॉफी मिळते. ती घेतली. तिथून चर्चचा घुमट दिसतो. छान दिसतो.”

“कॉफी.”

“एकच.”

प्रेमलताबाई हसल्या. हसल्या म्हणजे नाकातून थोडी हवा बाहेर आली. “तुम्ही म्हणालात, खांबापासून हलू नकोस. माझ्या हातात दोन बाटल्या पाणी. ऊन. घसा कोरडा. पण मी पाणी प्यायले नाही. का, सांगू? पाणी प्यायले तर बाथरूमला जावं लागेल. आणि मी गेले, आणि तुम्ही साहेबांना तयार करून मला न्यायला आलात, आणि मी नाही! मग तुमची सगळी मेहनत वाया. म्हणून मी दोन तास बाटल्या धरून उभी होते. एक बाई मला बस म्हणाली पायरीवर. मी बसले नाही. बसले तर दिसणार नाही तुम्हाला.”

पागनीसांना वाटलं, हिने ओरडावं. भांडी आपटावीत. सकाळपासून भाषणावरून ही किती मजेत भांडत होती, तशी भांडावी. भांडणात त्यांना उत्तरं सुचायची.

“माझं चुकलं,” ते म्हणाले. “नावाचं चुकलं, ते तर चुकलंच. पण त्यात माझा हेतू...”

“नावाचं काही नाही हो. नावाचं मला काही वाटलं नव्हतं. दारावरचा तो माणूस ‘अंबिका’ म्हणाला, चुकीचं म्हणाला, ‘आम्बीका’ असं काहीतरी, पण मला उलट बरं वाटलं. किती वर्षांनी कुणी तरी हाक मारली.”

त्या उठल्या. त्यांनी नवऱ्याची ताटली उचलली, पोहे तसेच होते, त्यावर झाकण ठेवलं. हॉलमध्ये जाऊन दाराशेजारच्या खुंटीवरची कापडी पिशवी घेतली.

“परत जाऊ आपण,” पागनीस मागोमाग आले. “मार्चमध्ये. शर्वरीला आजच फोन करतो. या वेळी पासपोर्ट समोर ठेवून नाव टाकतो. अंबिका शरच्चंद्र पागनीस. अक्षर न अक्षर जुळवतो. तू पाय बघ, हवा तेवढा वेळ बघ, मी खाली थांबतो, खांबापाशी.”

प्रेमलताबाईंनी चपला घातल्या. डाव्या चपलेचा पट्टा वळला होता, तो वाकून सरळ केला.

“आणि रविवारी? रविवारी काय सांगायचं लोकांना? पद्मजाताईंना मी सांगू की तू सांगतेस?”

त्यांनी जाळीच्या दाराची कडी काढली.

“कुठे निघालीस? भाजी आणायची असेल तर मी आणतो. अगं, काहीतरी बोल. अंबिका!”

जाळीचं दार आपोआप मिटलं. जिन्यावर चपलांचा आवाज एका लयीत, न थांबता, खालपर्यंत गेला आणि मग फाटक वाजलं.